रियाधमध्ये एक ब्राझिलियन व्याख्यान

सगळं जग सौदी अरेबियातून बाहेर पडायच्या खटपटीत होतं तेव्हा मी तिथे जायला निघालो. यात शौर्याचा भाग काहीच नव्हता. माझ्या धाकट्या बहिणीनं, नंदानं, दिवाळीसाठी माझा व्हिसा काढला होता. इराकनं कुवेत गिळलं, प्रवास पुढे ढकलला, आणि जानेवारी उजाडला तसा व्हिसा संपत आला. संयुक्त राष्ट्रांनी इराकला मुदत दिली होती आणि सौदी वकिलातीनं मला, आणि दोन्ही मुदती एकाच सुमारास संपत होत्या. आईनं बातम्या ऐकून रेडिओ बंद केला आणि म्हणाली, "जा, आणि नंदाला आणि मिनीला घेऊन ये. जावयांना सोडत नसतील तर त्यांचं त्यांना बघू दे, पण या दोघींना आण." व्हिसा वाया घालवणं आमच्या घरात कोणालाच पटण्यासारखं नव्हतं, त्यामुळे मी निघालो.

मी कऱ्हाडला एका कॉलेजात तर्कशास्त्र शिकवतो आणि आमच्या गावच्या व्याख्यानमालेचा चिटणीस आहे. लग्न केलेलं नाही. माझ्या तासाला मुलं झोपतात अशी एक वदंता आहे. ती खरी नाही, कारण बरीचशी मुलं येतच नाहीत. हे आधीच सांगतो, कारण पुढे जे घडलं त्यात या सगळ्या गोष्टींचा संबंध येतो.

मेतकूट आणि मोहोरबंद खोली

मुंबईहून जाताना विमान इतकं रिकामं होतं की हवाई सुंदरीनं मला आग्रह करकरून जेवायला वाढलं. आमच्याकडच्या लग्नातही इतका आग्रह होत नाही. रियाधला उतरलो आणि जकात अधिकाऱ्यानं माझी बॅग उघडली. वर गोडा मसाला, त्याखाली लोणचं, आणि त्याखाली आईनं दळून दिलेलं किलोभर मेतकूट. रासायनिक युद्धाच्या भीतीनं ज्या शहराची झोप उडाली आहे, त्या शहरात एक चष्मेवाला परदेशी माणूस पिशवीभर पिवळी पूड घेऊन उतरतोय, म्हणजे आपण काय करतोय याची जाणीव मला तिथे उभं राहिल्यावर झाली. अधिकाऱ्यानं वास घेतला, शिंकला, आणि दुसऱ्या अधिकाऱ्याला बोलावलं. तोही शिंकला. मग शंकानिरसनासाठी मी त्यांच्यासमोर मेतकुटाचा मोठा बकाणा भरला. कोरड्या मेतकुटाचा बकाणा भरलेला माणूस बोलू शकत नाही, त्याला नुसता ठसका लागतो, आणि त्यानं संशय वाढतो. शेवटी एका म्हाताऱ्या शिपायानं मला पाणी आणून दिलं आणि "खलास, खलास" म्हणत पुढे ढकललं.

श्रीधरराव, म्हणजे नंदाचे यजमान, घ्यायला आले होते. ते ओलाया भागातल्या एका बँकेत संगणक सांभाळतात. मोजकं बोलतात आणि भीती वाटली की गाडी पुसतात. त्या दिवशी त्यांची गाडी आरशासारखी चमकत होती.

घरी पोचल्यावर त्यांनी मला आधी त्यांची मोहोरबंद खोली दाखवली. आपल्याकडे नवा फ्रिज दाखवतात त्याच उत्साहानं. निजायच्या खोलीच्या खिडकीवर दुहेरी प्लास्टिक, कडांना रुंद चिकटपट्टी, दारापाशी ओला टॉवेल ठेवायला बादली, पाण्याच्या बाटल्या, बिस्किटं आणि बॅटरीवरचा रेडिओ. टेबलावर गॅसचे दोन मुखवटे होते. बँकेनं कर्मचाऱ्याला एक आणि बायकोला एक असे दिले होते. मुलांचे येणार होते.

"कधी?" मी विचारलं.

"बुकरा," श्रीधरराव म्हणाले. म्हणजे उद्या. हे उत्तर त्यांना रोज मिळत होतं.

मिनी आठ वर्षांची आहे. आईबापांनी मराठीत विचारलं की ती इंग्रजीत उत्तर देते. तिनं मुखवटा चढवून दाखवला. तो तिच्या नाकावरून घसरून गळ्यात आला. "मामा, इट्स फॉर बिग फेसेस," ती म्हणाली, आणि त्यात आपली पेन्सिल ठेवायला लागली.

जेवणं झाल्यावर मी नंदाला माझा युक्तिवाद ऐकवला. विमानात मी तो नीट बांधला होता. सर्व सुज्ञ माणसं धोक्याची जागा सोडतात, ही धोक्याची जागा आहे, तू सुज्ञ आहेस, आणि तुझ्या नि मिनीच्या पासपोर्टवर बाहेर जायचा शिक्का बसलेला आहे. नंदानं माझ्यापुढे भेंडी ठेवली आणि सुरी दिली.

"दादा, श्रीधरचा पासपोर्ट कफीलकडे, म्हणजे इथल्या जामीनदार मालकाकडे आहे. बँकेनं सगळ्यांच्या रजा रद्द केल्यात. तो येऊ शकत नाही."

"पण तू येऊ शकतेस."

"मी गेले की तो एकटा राहील. एकटा राहिला की घाबरेल, आणि कोणाला सांगणार नाही. नुसती गाडी पुसत बसेल. बारीक चीर, मिनीला मोठे तुकडे चालत नाहीत."

भेंडीपुढे तर्कशास्त्राचं फार काही चालत नाही.

बटाट्यांच्या सहवासात

दुसऱ्या दिवशी संध्याकाळी नंदानं मला बटाटे आणि चिकटपट्टी आणायला खाली पाठवलं. किराणा दुकानाला तिथे बकाला म्हणतात. हा बकाला हमीदभाईंचा, म्हणजे कागदोपत्री कफीलचा आणि कष्ट हमीदभाईंचे. ते दापोलीकडचे. माझं मराठी ऐकून त्यांनी काउंटरवरूनच माझा हात हातात घेतला.

"कवा आयलात मास्तर? आनि ह्या टायमाला कशाला आयलात?"

मी उत्तर देणार तोच बांग झाली. तिथे नमाजाच्या वेळी दुकानं बंद करावी लागतात. हमीदभाई म्हणाले, "तुमी आतच बसा. मी शटर खाली करून मशिदीत जाऊन येताव. बत्ती लावू नका आनि आवाज करू नका." शटर खाली आलं आणि मी अंधारात बटाट्यांच्या पोत्यावर बसलो.

थोड्या वेळानं समोरच्या पोत्यावरून आवाज आला, "बटाटा."

"हो, बटाटे," मी म्हणालो. मला वाटलं, कोणीतरी आपलाच माणूस.

"बटाटा," आवाज पुन्हा आनंदानं म्हणाला, आणि मग मोडक्या इंग्रजीत सांगू लागला की तो ब्राझीलचा आहे, त्याची भाषा पोर्तुगीज, आणि त्याच्या भाषेतही याला बटाटाच म्हणतात, हे त्याला या दुकानात आल्यावर कळलं. मी पाव म्हणालो. तो म्हणाला, पाव. तो काजू म्हणाला. मी म्हणालो, काजू. नमाज संपेपर्यंत आम्ही निम्मी भाजीमंडई दोन्ही भाषांतून एकत्र करून ठेवली. मग त्यानं विचारलं, तुम्ही काय करता? मी म्हणालो, तत्त्वज्ञानाचा प्राध्यापक आहे. त्यानं उठून मला मिठी मारली.

तोही तत्त्वज्ञच निघाला. तत्त्वज्ञानाच्या दोन माणसांनी एकमेकांना मिठी मारल्याचं मी तोवर पाहिलं नव्हतं. आमच्याकडे ते एकमेकांच्या प्रबंधातल्या चुका काढतात.

त्याचं नाव तादेउ. साठीच्या जवळपास, पोट सुटलेला, मिशा पांढऱ्या. त्याची बायको रियाधच्या एका इस्पितळात शल्यविशारद होती, आणि बाईमाणसाला तिथे एकटीनं राहता येत नाही म्हणून हा तिच्या सोबत आला होता. त्यानं खिशातून इकामा, म्हणजे तिथला राहण्याचा परवाना, काढून दाखवला. "वाचा, माझा धंदा काय लिहिलाय? सोबती. चाळीस वर्षं तत्त्वज्ञान करून शेवटी मला खरी पदवी मिळाली." युद्धाच्या भीतीनं इस्पितळानं डॉक्टरांना अडकवून ठेवलं होतं, म्हणून सोबतीही अडकला होता.

त्यानंतर रोज संध्याकाळी आम्ही हमीदभाईंच्या दुकानात भेटू लागलो. ब्राझीलमध्ये म्हणे लष्करी राजवटीच्या काळात तत्त्वज्ञान शाळांतून काढूनच टाकलं होतं. मुलं विचार करायला लागली तर कवायत बिघडेल. मग हे तत्त्वज्ञ शाळेबाहेर आले. तादेउ एका छोट्या गावच्या रेडिओवर पहाटे, बाजारभाव आणि हवामान यांच्या मध्ये, दहा मिनिटं बोलायचा. तत्त्वज्ञान म्हटलं असतं तर बंद पाडलं असतं, म्हणून कार्यक्रमाचं नाव होतं 'स्वयंपाकघरातल्या युक्त्या'. सुरुवातीला खरंच एक युक्ती सांगायची, घेवडा लवकर कसा शिजतो ती, आणि मग विचारायचं, लवकर म्हणजे काय? त्याची एक मैत्रीण बसथांब्यावर बसून लोकांशी न्याय म्हणजे काय यावर बोलते. दुसरा एकजण वर्तमानपत्रात शब्दकोड्याशेजारी सदर लिहितो आणि कोड्याइतकाच वाचला जातो. राजवट गेली, पण यांची सवय गेली नाही.

"आणि विद्यापीठातले लोक काय म्हणतात?" मी विचारलं.

"म्हणतात, आम्ही दारूत पाणी घालून विकतो."

माझं मत विद्यापीठाच्या बाजूचं होतं. तत्त्वज्ञान सोपं केलं की त्यात राहतं काय? पण हे मी बोललो नाही, कारण त्या वेळी तो हमीदभाईंना विचारत होता की लोक इतकी चिकटपट्टी विकत घेतात ती हवा अडवायला की भीती अडवायला, आणि हमीदभाई गिऱ्हाईक सोडून त्यावर विचार करत होते. माझ्या तासाला इतका विचार केलेला चेहरा मी पाहिलेला नाही. तादेउ गेल्यावर हमीदभाई म्हणाले, "मानूस लय गोड हाय मास्तर. पण मीठ घ्यायला आला का माजी चार गिऱ्हाइका जातात."

मी तादेउला माझी अडचण सांगितली आणि म्हणालो, तुम्ही नंदाला समजवा. त्यानं मान हलवली. "मी उत्तरं देत नाही. मी प्रश्न फक्त घासाएवढा करून देतो. चावायचा ज्यानं त्यानं."

लाल वाळू

गुरुवारी सुटी होती. श्रीधररावांनी गाडी पुन्हा पुसली आणि आम्हाला शहराबाहेर लाल वाळूच्या टेकड्या दाखवायला नेलं. तादेउ बरोबर होता. वाटेत लष्करी ट्रकांची रांग लागली होती, संपता संपेना, आणि मिनी त्यातल्या सैनिकांना हात करत होती. तेही करत होते. नंदा दुसऱ्या खिडकीतून बाहेर बघत होती.

वाळू खरोखरच लाल आहे. विटेच्या भुकटीसारखी, आणि इतकी मऊ की आमची चकचकीत गाडी तिच्यात पोटापर्यंत रुतली. आम्ही तिघा पुरुषांनी ढकलली, ती आणखी रुतली. मग वाळवंटात राहणारा एक बदू आपला पिकअप घेऊन आला. मागे उंटीण बसलेली होती आणि ती आमच्याकडे परीक्षकाच्या नजरेनं बघत होती. बदूनं दोर बांधला, एका हिसक्यात गाडी बाहेर काढली, आणि मग पाहुण्यांना तसंच कसं सोडायचं म्हणून उंटिणीचं ताजं दूध काढून भांडं माझ्या हातात दिलं. आपल्याकडे पाहुण्यानं आधी नको म्हणायचं असतं, यजमानानं आग्रह करायचा असतो, आणि मग घ्यायचं असतं. मी नको म्हणालो. बदूला हा अपमान वाटतोय हे श्रीधररावांनी खुणेनं सांगितलं, तेव्हा घाबरून मी अख्खं भांडं रिकामं केलं. त्यावर खूश होऊन त्यानं दुसरं दिलं.

रात्रभर आणि दुसऱ्या दिवशी सकाळी माझा मुक्काम कुठे होता हे लिहायची गरज नाही. पण त्या बैठकीतच मला कल्पना सुचली. मी व्याख्यानमालेचा चिटणीस, समोर फुकटचा परदेशी वक्ता, आणि नंदाला घासाएवढा प्रश्न द्यायचा आहे. तादेउचं व्याख्यान ठेवायचं. विषय: जावे की राहावे? तो उत्तर देणार नसला तरी अर्धं रियाध तेव्हा गाशा गुंडाळत होतं. इतक्या लोकांत बसल्यावर नंदाला कळेल, असा माझा हिशेब होता.

मिनीचा वाढदिवस

तिथे परवानगीशिवाय सभा भरवता येत नाही. पण वाढदिवस करता येतो. म्हणून मिनीचा वाढदिवस ठरला. तो खरा जूनमध्ये असतो. मिनीनं याला हरकत घेतली नाही, फक्त केक चॉकलेटचा हवा अशी अट घातली. पुढच्या शुक्रवारी दुपारी मंडळी जमली. जिन्यात चपलांचा ढीग दिसू नये म्हणून सगळ्यांच्या चपला न्हाणीघरातल्या टबात ठेवल्या. दिवाणखान्यात फुगे, झिरमिळ्या, इंग्रजीत शुभेच्छांची पाटी, आणि त्या पाटीखाली अध्यक्ष म्हणून नाडकर्णी. ओलायातले जुने सल्लागार, वीस वर्षं सौदीत काढलेले, आणि नातवाचा असावा तसा रंगीत कागदी टोप घालून बसलेले. मंडळी भेटी घेऊन आली होती, त्यामुळे मिनीला रंगपेट्यांचे आठ संच मिळाले. हमीदभाईंनी खजुराची पेटी आणली. वडे नंदानं तळले.

कार्यक्रम मी रीतीप्रमाणे आखला होता. आधी स्वागत. मग अध्यक्षांच्या नावाची सूचना, तिला अनुमोदन. मग अध्यक्षांना लवकर जायचं असल्यामुळे त्यांचं भाषण आधी. नाडकर्ण्यांनी एकोणीसशे सत्तर साली रियाधमध्ये भाजी कशी मिळत नसे इथून सुरुवात केली आणि ते बऱ्याच वेळानं कोथिंबिरीपर्यंत आले. त्यांना लवकर जायचं होतं ते ते विसरले. मग वक्त्याचा परिचय, तो मी करून दिला. तत्त्वज्ञान सोपं करणाऱ्या माणसाची ओळख करून द्यायची तर आधी अवघड तत्त्वज्ञान काय असतं ते सांगायला हवं, म्हणून मी ग्रीकांपासून सुरुवात केली. मी मध्ययुगात पोचलो तेव्हा तादेउनं घड्याळाकडे पाहिलं. त्याच्या डोक्यावरही टोप होता. अखेरीस मी म्हणालो, "आता आपण सर्व ज्या क्षणाची वाट पाहत आहोत," आणि तादेउ उठला.

त्यानं तोंड उघडलं आणि बाहेर भोंगा वाजायला लागला.

भोंगा म्हणजे काय हे पुस्तकात वाचणं वेगळं. तो पोटात वाजतो. तिघांसाठी केलेल्या त्या खोलीत तीसएक माणसं घुसली. पलंगावर, पलंगाखाली, कपाटावर. नाडकर्णी खुर्चीसकट आत आले. श्रीधररावांनी दार लावलं, चिकटपट्टी ओढली, ओला टॉवेल टाकला. फुगे कसे आत आले ते माहीत नाही, पण ते आले होते, आणि कोणाचा तरी धक्का लागून एक फुटला तेव्हा दोन बायका रडायला लागल्या. हमीदभाई वड्यांची परात घेऊन आत आले होते. ते मोठ्यानं दुआ म्हणत होते.

मी नंदाकडे पाहिलं. तिनं आपला मुखवटा मिनीच्या चेहऱ्यावर लावला होता. तो बसत नव्हता. पट्टे ओढले तरी हनुवटीखाली चार बोटं फट राहत होती. नंदा दोन्ही तळहातांनी तो तिच्या चेहऱ्यावर दाबून धरत होती, आणि एका बाजूनं दाबला की दुसऱ्या बाजूनं उघडत होता. तिचा स्वतःचा चेहरा उघडा होता. श्रीधररावांनी आपला मुखवटा काढून तिच्यापुढे धरला, तो तिनं कोपरानं बाजूला केला, कारण हात मोकळे नव्हते. मला फार भीती वाटली. बॉम्बची कमी, तिच्या हातांची जास्त.

"मास्तर," हमीदभाई एकदम म्हणाले. त्यांची दुआ थांबली होती. "हे बगा काय लिवलाय. तुमाला इंग्लिश वाचायला येता."

वडे निथळायला नंदानं परातीत सकाळचं इंग्रजी वर्तमानपत्र घातलं होतं. तेलानं पारदर्शक झालेल्या पहिल्या पानावर भोंग्याचं चित्र असलेली चौकट होती: आज दुपारी नागरी संरक्षण खात्यातर्फे भोंग्याची चाचणी घेतली जाईल, नागरिकांनी घाबरू नये. अख्ख्या खोलीत कोणीही सकाळी पेपर वाचला नव्हता. सगळे वाढदिवसाच्या तयारीत होते.

आधी कोणीतरी हसलं, मग सगळे. नाडकर्णी हसता हसता खुर्चीवरून घसरले. लोक दाराकडे निघाले तसे श्रीधरराव आडवे आले. "चिकटपट्टी आत्ताच लावलीय. नवीन आहे. थोडं थांबू या." तेव्हा तादेउ म्हणाला, मग मी इथेच बोलतो.

मी भाषांतराला उभा राहिलो, म्हणजे पलंगाच्या कडेवर टेकलो. तो एक वाक्य बोलायचा आणि मी त्याचं विवेचन करायचो. दोन-तीनदा असं झाल्यावर हमीदभाई म्हणाले, "मास्तर, त्याने येवढा नाय सांगला." मग मी आवरतं घेतलं.

तो जे बोलला ते थोडक्यात असं. युद्ध करायचं की नाही हे दुसरेच लोक ठरवणार. पासपोर्ट कधी मिळणार ते कफील ठरवणार. दुकान कधी बंद करायचं ते सूर्य ठरवणार. "माझ्या रेडिओवर, लष्कराच्या काळात, मी लोकांना एकच विचारायचो. आज तुम्ही स्वतः काय ठरवलंत? एक म्हणाला, मी आज काळा घेवडा खायचं ठरवलं. आम्ही हसलो. मग एका बाईची चिठ्ठी आली. तिच्या मुलाला लष्करानं नेलं होतं. ती म्हणाली, मी रोज त्याचं ताट मांडायचं ठरवलं आहे. त्या दिवशी मला कळलं की प्रश्न चेष्टेचा नाही. तर मी तुम्हाला विचारतो, आज तुम्ही काय ठरवलंत?"

आणि तो थांबला, उत्तराची वाट बघत. पण आपल्याकडे वक्त्यानं श्रोत्यांना प्रश्न विचारायची पद्धत नाही. श्रोत्यांनी विचारायचे असतात, तेही शेवटी, चिठ्ठीवर, अध्यक्षांमार्फत. सगळे खाली बघू लागले. मग नाडकर्ण्यांनी परिस्थिती सावरून "आता प्रश्नोत्तरे" असं जाहीर केलं आणि चिठ्ठ्या आल्या. ब्राझीलचा व्हिसा मिळतो का? कॉफीनं पित्त होतं का? आपली मुलं फुटबॉलमध्ये मागे का? तादेउनं प्रत्येक चिठ्ठी गंभीरपणे ऐकली आणि त्याचा प्रश्न तसाच राहिला. माझा सगळा बेत फसला होता. "आता शेवटी आभारप्रदर्शन," मी म्हणालो. ते नंदाकडे होतं. यजमानीणबाईंनी आभार मानायचे, ही रीत.

नंदा उठली. तिनं क्रम बरोबर पाळला. अध्यक्ष, वक्ते, दुभाषी, कांदा चिरून देणाऱ्या शेजारणी, वेळेवर वर्तमानपत्र दाखवल्याबद्दल हमीदभाई. मग म्हणाली,

"पाहुण्यांनी एक प्रश्न विचारला होता. चिठ्ठ्या पुष्कळ आल्या, उत्तर आलं नाही. पाहुण्यांचा प्रश्न असा पडून राहणं बरं दिसत नाही, म्हणून मी सांगते. माझा दादा आम्हा दोघींना न्यायला आलाय. मी जाणार नाही. मिनी जाईल. हे मी आजच ठरवलं, मघाशी, या खोलीत. श्रीधरलाही आत्ताच कळतंय. त्याचेही आभार."

आभारप्रदर्शनाला टाळ्या वाजवायची आपल्याला सवय. टाळ्या सुरू झाल्या, आणि मग लोकांना शब्द कळत गेले तसा एकेक हात थांबला. तादेउनं मला विचारलं, काय म्हणाली? मी एका वाक्यात सांगितलं. त्यानं डोक्यावरचा कागदी टोप काढला.

"विथ मामा?" मिनीनं विचारलं. "ओन्ली मामा?"

श्रीधररावांनी परात उचलली आणि सगळ्यांना वडे द्यायला लागले. ज्यांच्या हातात आधीच वडा होता त्यांनाही दिले. मंडळी गेल्यावर जिन्यात मला म्हणाले, "दादा, बरं केलं तिनं. मी जा म्हटलं असतं तर दोघीही राहिल्या असत्या." आणि गाडीची किल्ली घेऊन खाली गेले.

तत्त्वज्ञान सोपं केलं की त्यात काय राहतं, हा माझा प्रश्न मी त्या दिवशी मागे घेतला. तादेउला मी तसं सांगितलंही. तो म्हणाला, "मी काही सोपं केलं नाही, प्रोफेसोर. बघा ना, तिला किती अवघड गेलं."

विमानतळ

वाचकांचा जीव टांगणीला लावून ठेवायचा माझा विचार नाही. युद्ध झालं, रियाधवर क्षेपणास्त्रं पडली, आणि त्या मोहोरबंद खोलीत नंदा आणि श्रीधरराव अनेकदा बसले. दोघं सुखरूप आहेत. उन्हाळ्यात येऊन मिनीला घेऊन गेले. तादेउही बायकोबरोबर ब्राझीलला परतला. तिथे हा प्रकार त्यानं रेडिओवर सांगितल्याचं कळवलंय, आणि त्यात म्हणे माझं पात्र विनोदी आहे. पण हे सगळं नंतरचं. त्या सकाळी विमानतळावर कोणालाच काही माहीत नव्हतं.

गर्दी विलक्षण होती. येताना जी विमानं रिकामी होती त्यांत आता माणसं मावत नव्हती. नंदा मला सूचना देत होती. दुधात साय चालत नाही, अंधारात दार लोटायचं नाही, रडली तर कारण विचारायचं नाही, जवळ बसायचं. मी हो हो म्हणत होतो. मग ती मध्येच थांबली.

"वेणी कोण घालणार हिची? आईची बोटं वळत नाहीत आता."

हे कोणाच्याच लक्षात आलं नव्हतं. मी म्हणालो, केस कापून टाकू. मिनीनं डोक्यावर हात ठेवले. नंदानं तिला तिथेच बॅगेवर बसवलं, वेणी सोडली, आणि मला पेड धरायला शिकवलं. तीन पेड, डावा मधल्यावर, मग उजवा. तर्कशास्त्राच्या माणसाला हे सोपं जायला हवं होतं. पहिली वेणी अर्ध्यावर सुटली. नंदानं ती विंचरून पुन्हा सोडली. दुसरी कानाच्या बाजूला गेली आणि मिनीला हसू आलं. श्रीधरराव रिबीन धरून उभे होते. आमच्या विमानाची घोषणा झाली, लोक रांगेत शिरू लागले.

पुढच्या खेपेस वेणी जमली. सरळ, घट्ट, शेवटपर्यंत. माझी मलाच शाबासकी द्यावीशी वाटली. श्रीधररावांनी रिबीन पुढे केली. नंदानं वेणीवरून वरपासून खालपर्यंत हात फिरवला, टोकाशी थोडा वेळ धरून ठेवला, आणि सगळी वेणी सोडून टाकली.

"नाही जमली," ती म्हणाली. "पुन्हा घाल."

मी पुन्हा पेड हातात घेतले, आणि यावेळी सावकाश घालायला लागलो.